काही देणंघेणं नसलेला शब्द

इंग्रजी व्याकरणाच्या तासाला फळ्यावर उपसर्गांचा तक्ता यायचा. हॅपीचं अनहॅपी, पॉसिबलचं इम्पॉसिबल, ऑनेस्टचं डिसऑनेस्ट. डावीकडे मूळ शब्द, उजवीकडे त्याचा नकार. तक्ता बरोबरच होता, पण एकाच शब्दाला दोन वेगवेगळे नकार असले तर काय करायचं, याचा रकाना त्यात नव्हता. ‘इंटरेस्टेड’ला असे दोन नकार आहेत: अनइंटरेस्टेड आणि डिसइंटरेस्टेड. पहिला सगळ्यांच्या तोंडी असतो. दुसरा निकालपत्रात, करारात, एखाद्या अग्रलेखात क्वचित भेटतो आणि भेटला की बहुतेक जण त्याला पहिल्याचा जुळा भाऊ समजून पुढे जातात.

शाळेच्या महोत्सवी अंकात माजी विद्यार्थ्याने आठवणी लिहाव्यात अशी रीत आहे. त्या रंगवून सांगणारे वर्गबंधू या अंकात आहेतच. माझं काम कायद्याच्या कागदांचं भाषांतर करण्याचं, तेव्हा मी तो राहिलेला रकाना भरून देतो.

फरक एका वाक्यात सांगायचा तर क्रिकेटचा पंच घ्यावा. पंच डिसइंटरेस्टेड हवा, अनइंटरेस्टेड नको. कोण जिंकतं यात त्याचं काही अडकलेलं नसावं, पण गोलंदाजाचा पाय रेषेबाहेर पडतोय का, याकडे त्याचं डोळ्यांत तेल घालून लक्ष हवं. पहिल्या गुणाचं मराठी ‘हितसंबंध नसलेला’. दुसऱ्या अवगुणाचं मराठी ‘ज्याला गोडी नाही तो’. विमा एजंट पॉलिसीबद्दल तासभर तळमळीने बोलतो. अनइंटरेस्टेड तो मुळीच नाही, पण कमिशन मिळणार असल्यामुळे त्याचा सल्ला डिसइंटरेस्टेड म्हणता येत नाही.

गोंधळाचं मूळ नकारात नाही, ‘इंटरेस्ट’मध्येच आहे. लॅटिनमध्ये ‘इंटर’ म्हणजे मध्ये आणि ‘एस्से’ म्हणजे असणं. जो व्यवहाराच्या मध्ये आहे, ज्याला त्याच्या निकालाने फरक पडतो, त्याचा तो इंटरेस्ट. मध्ययुगीन युरोपात चर्चने व्याज घेण्याला बंदी घातली होती. मग कर्ज वेळेवर न फिटल्याने झालेल्या नुकसानीची भरपाई म्हणून जे मागता येई, त्याला ‘इंतेरेस्से’ म्हणत. बँकेच्या पासबुकातला इंटरेस्ट तिथून आला. कुतूहल, गोडी हा अर्थ या सगळ्यांत धाकटा, तो अठराव्या शतकात रुळला. आपण मात्र शाळेत हा धाकटा अर्थच आधी शिकतो, म्हणून त्याचा नकारही आधी डोक्यात येतो.

शब्दांचा इतिहास शुद्धिवाद्यांना अडचणीत आणणारा आहे. कवी जॉन डनच्या १६१२च्या सुमाराच्या लेखनात डिसइंटरेस्टेड सापडतो तो ‘बेफिकीर, रस नसलेला’ याच अर्थाने, म्हणजे आज ज्याला चूक म्हणतात त्याच अर्थाने. उलट अनइंटरेस्टेड सतराव्या शतकात ‘निःपक्ष’ या अर्थाने वापरात होता. अठराव्या शतकात दोघांनी जागा बदलल्या. सॅम्युएल जॉन्सनच्या १७५५च्या कोशात डिसइंटरेस्टेडचा पहिला अर्थ खासगी लाभाच्या विचारापलीकडे गेलेला असा आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला जुना ‘बेफिकीर’ अर्थ पुन्हा वर आला आणि तेव्हापासून व्याकरणाचे मास्तर लाल पेन घेऊन बसले आहेत. तेव्हा ‘मूळ अर्थ बिघडला’ ही तक्रार खरी नाही. पण दोन अर्थांना दोन वेगळे शब्द मिळाले होते ही सोय खरी होती, आणि ती हातची जाते याचं वाईट वाटायला हरकत नाही.

आता इंग्रजांना हसण्याआधी आपलं घर पाहू. ‘मला त्याच्याशी काही देणंघेणं नाही’ हे वाक्य शब्दशः घेतलं तर पैशाच्या हिशोबाचं आहे: मी त्याचा देणेकरी नाही, तो माझा नाही. थोडक्यात, मी डिसइंटरेस्टेड. पण आपण ते म्हणतो कशासाठी? पर्वा नाही हे सांगण्यासाठी. ‘सोयरसुतक नाही’ हेही तसंच. नातं नाही म्हणून सुतक लागत नाही, इतकाच मूळचा बोध. आज मात्र ‘सरकारला शेतकऱ्याचं काही सोयरसुतक नाही’ असं म्हटलं की ती शिवी होते.

‘उदासीन’चा प्रवास तर हुबेहूब आहे. उद् अधिक आसीन, म्हणजे बाजूला, वेगळा बसलेला. कौटिल्याच्या राजमंडळात उदासीन राजा हा झगड्यापासून दूर असलेला आणि सगळ्यांत बलवान राजा असतो. गीतेच्या सहाव्या अध्यायात सुहृद, मित्र, अरी यांच्या रांगेत उदासीन आणि मध्यस्थ असे दोन वेगळे शब्द येतात. शंकराचार्य भाष्यात दोघांतला फरक सांगतात: उदासीन कोणाचीच बाजू घेत नाही, मध्यस्थ परस्परविरोधी असलेल्या दोघांचंही हित चिंततो. इतका काटेकोर शब्द आज ‘मतदारांची उदासीनता’ या मथळ्यात येऊन बसला आहे. आणि तुकोबांचं ‘जोडोनियां धन उत्तम वेव्हारें, उदास विचारें वेंच करी’ घ्या. तिथे उदास म्हणजे गुंतून न पडता. आज कोणी उदास मनाने पैसे खर्च करतो म्हटलं, तर त्याला खर्च जिवावर आलाय असंच आपण समजू.

असं का होतं याचं माझं उत्तर साधं आहे. ज्याचं काही अडकलेलं नाही तो मन लावून काम करील, यावर माणसाचा मुळात फारसा विश्वास नसतो. म्हणून ‘अडकलेलं नाही’ हा अर्थ घसरत घसरत ‘पर्वा नाही’वर येऊन थांबतो. दोन भाषा, तोच उतार.

एक शब्द मात्र आपल्याकडे टिकून आहे, आणि डिसइंटरेस्टेड फ्रेंडशिपसाठी याहून नेमका शब्द मला आजवर सापडलेला नाही: निर्व्याज मैत्री. गंमत अशी की संस्कृतात व्याज म्हणजे निमित्त, कपट. मराठीत व्याज म्हणजे कर्जावरचं व्याज. त्यामुळे निर्व्याज हा शब्द इंग्रजी शब्दाचं अक्षरशः भाषांतर केल्यासारखा दिसतो, प्रत्यक्षात दोघांचा एकमेकांशी संबंध नाही. बँकेच्या कर्जाला मात्र बिनव्याजीच म्हणावं.

भाषांतर करताना चूक महागात कुठे पडते, तर कायद्यात. ‘इंटरेस्टेड कँडिडेट्स मे अप्लाय’ याचं ‘इच्छुक उमेदवारांनी अर्ज करावा’ बरोबर आहे. पण हाच इच्छुक भूसंपादनाच्या कागदात नेला की पंचाईत होते. १८९४च्या कायद्यात आणि त्याच्या जागी आलेल्या २०१३च्या कायद्यातही ‘पर्सन इंटरेस्टेड’ म्हणजे मोबदल्यात ज्याचा हक्क आहे किंवा जो तसा हक्क सांगतो तो, म्हणजे हितसंबंधित व्यक्ती. तिथे ‘इच्छुक व्यक्ती’ लिहिलं तर जमीन द्यायला शेतकरी उतावीळ झालाय असा अर्थ निघतो.

साक्षीदाराचं तर जास्तच जपावं लागतं. ‘इंटरेस्टेड विटनेस’ म्हणजे हितसंबंधी साक्षीदार. मयताचा नातेवाईक आपोआप त्यात बसत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९५३ साली दलीप सिंग खटल्यात म्हटलं की जवळचा नातलग खऱ्या गुन्हेगाराला पाठीशी घालून निरपराध्याला गोवील, ही शक्यता सगळ्यांत कमी. १९८१च्या राजस्थान राज्य विरुद्ध कल्की या निकालात आणखी स्पष्ट झालं: नात्यातला आणि हितसंबंधी हे एक नव्हेत. निकालातून ज्याला काही लाभ होणार, तोच हितसंबंधी. या निकालांच्या मराठी सारांशात ‘रिलेटेड’ आणि ‘इंटरेस्टेड’ या दोन्हींना ‘संबंधित’ हा एकच शब्द वापरला की निकालाचा मुद्दाच नाहीसा होतो. डिसइंटरेस्टेड विटनेसला मी ‘हितसंबंध नसलेला साक्षीदार’ असं लांबलचक लिहितो. ‘तटस्थ’ लिहीत नाही, कारण तटस्थपणा साक्षीदाराच्या मनाचा असतो आणि इथे प्रश्न त्याच्या खिशाचा असतो. शिवाय जुन्या मराठीत तटस्थ म्हणजे जागच्या जागी थिजलेला असाही अर्थ आहे, आणि तसा साक्षीदार कोणालाच नको.

मन आणि खिसा यांतला फरक नीट पाहायचा तर १८५२चा इंग्लंडमधला डाइम्स खटला पाहावा. इम्पार्शल आणि डिसइंटरेस्टेड हे शब्दकोशात समानार्थी म्हणून शेजारी बसतात, त्यांना या खटल्याने वेगळं करून दाखवलं. लॉर्ड चॅन्सेलर कॉटनहॅम यांनी ग्रँड जंक्शन कालवा कंपनीच्या बाजूने निर्णय दिला होता. नंतर कळलं की त्यांच्याकडे त्याच कंपनीचे शेअर होते. शेअरमुळे त्यांचं मत झुकलं असेल, असं हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये, म्हणजे तिथल्या तेव्हाच्या सर्वोच्च अपील न्यायालयात, कोणीही म्हटलं नाही. तरी त्यांचा निर्णय रद्द झाला. म्हणजे ते इम्पार्शल होते हे सगळ्यांना मान्य, पण डिसइंटरेस्टेड नव्हते, आणि तेवढं पुरलं. आपल्याकडच्या २०१३च्या कंपनी कायद्यातही कलम १८४ हेच पाहतं: ज्या करारात संचालकाचा हितसंबंध आहे, तो त्याने सभेत उघड करायचा आणि त्या विषयाच्या चर्चेत भाग घ्यायचा नाही. तो प्रामाणिक आहे की नाही, हे तिथे कोणी विचारत नाही.

पंचांकडे परत येतो, कारण ‘अंपायर’ शब्दाची व्युत्पत्ती सांगितल्याशिवाय राहवत नाही. जुन्या फ्रेंचमध्ये ‘नॉनपेर’ म्हणजे ज्याची जोडी नाही असा, दोघांत न मोडणारा तिसरा. त्यावरून इंग्रजीत ‘अ नौम्पेर’ झालं, आणि बोलता बोलता ‘न’ सुटून आधीच्या ‘अ’ला चिकटला: ‘ॲन अंपायर’. म्हणजे तो आपला त्रयस्थच. मैदानात हा त्रयस्थपणा पासपोर्टवरून मोजायला वेळ लागला. १९८६ साली लाहोरच्या पाकिस्तान–वेस्ट इंडीज कसोटीत व्ही. के. रामस्वामी आणि मुंबईचे पिलू रिपोर्टर हे दोन भारतीय पंच उभे राहिले, तेव्हा त्याची मोठी चर्चा झाली. २००२ पासून कसोटीतले मैदानावरचे दोन्ही पंच तिसऱ्या देशाचे असा नियम झाला, २०२०च्या कोरोनाकाळात प्रवास अवघड झाल्यामुळे त्याला सूट मिळाली.

सौंदर्यशास्त्र शिकलेल्यांना हा शब्द जर्मन तत्त्वज्ञ कांटमुळे माहीत असेल. १७९०च्या त्याच्या मांडणीत सौंदर्याचा आनंद हितसंबंधांपासून मोकळा असतो. मोहरलेला आंबा पाहून यंदा पेटीला काय भाव येईल हे मनात आलं, तर ते पाहणं इंटरेस्टेड.

आता प्रत्यक्ष वापर. उच्चारात जोर दुसऱ्या अवयवावर: डिस-इन्-ट्रस्-टिड. आपण ‘इंटरेस्टेड’मधली सगळी अक्षरं मोजून म्हणतो, त्याने अर्थ बिघडत नाही. शब्दयोगी अव्यय ही सगळ्यांत सोपी खूण. मागून ‘इन’ आला की बहुधा लेखकाला अनइंटरेस्टेड म्हणायचं असतं. काटेकोर अर्थाचा डिसइंटरेस्टेड सहसा थेट नामाच्या आधी बसतो: ॲडव्हाइस, ऑब्झर्व्हर, थर्ड पार्टी, विटनेस, लव्ह. शंका आली तर त्या जागी ‘ज्याचा काही फायदा-तोटा नाही असा’ हे शब्द घालून वाक्य वाचावं. बसलं तर ठेवावं.

काही जण तिसराच अर्थ मनात धरतात: आधी गोडी होती, आता उडाली. ‘डिस’ हा उपसर्ग काढून घेणं सुचवतो, जसं कनेक्ट–डिसकनेक्ट, म्हणून हा अर्थ सुचणं स्वाभाविक आहे आणि कोशकारांनीही तो नोंदला आहे.

नामाकडे वळलं की चुकीचं कारण हाती लागतं. ‘अनइंटरेस्ट’ हे नाम जवळजवळ कोणी वापरत नाही. त्यामुळे गोडी नसणं या अर्थाला ‘डिसइंटरेस्ट’ हेच नाम घ्यावं लागतं, आणि ते चूक धरलं जात नाही. नाम असं वापरात असताना विशेषणाने त्याच्या मागे जाऊ नये, ही अपेक्षा थोडी जास्तच आहे. हितसंबंध नसण्यासाठी ‘डिसइंटरेस्टेडनेस’ हे अवजड नाम आहे. लिहिताना हात अडखळतो, पण त्यात संदिग्धता नाही.

माझा स्वतःचा नियम असा: कायद्याच्या किंवा अभ्यासाच्या लेखनात शब्द जपून वापरायचा, पत्रात आणि भाषणात टाळायचा, कारण वाचणाऱ्याच्या मनात कोणता अर्थ आहे हे कळायला मार्ग नसतो. महोत्सवाच्या निमित्ताने निवृत्त शिक्षकांना आणि शिपाईमामांना इंग्रजी सन्मानपत्रं दिली जाणार आहेत, असं कळलं. जुन्या नमुन्यांत ‘डिसइंटरेस्टेड सर्व्हिस’ असे शब्द आढळतात. अर्थ निरपेक्ष सेवा, आणि तो शंभर टक्के बरोबर आहे. तरीही तिथे ‘सेल्फलेस’ घालावं. नाहीतर मामांचा कॉलेजात जाणारा नातू ते वाचील आणि आजोबांनी तीस वर्षं मन न लावता घंटा दिली असं समजेल.