तुम्ही विचारलंत म्हणून : राहू दुर्बिणीतून दिसतो का?

जुळे सोलापुरात गच्चीवर दुर्बीण लावली की पहिली फर्माईश शनीची असते. साडेसातीनं गांजलेली माणसंसुद्धा ती कडी बघून "भारीच की हो!" म्हणतात. आणि मग ठरलेला प्रश्न येतो : "सर, आता राहू दाखवा की."

नाही दाखवता येत. जगातल्या सगळ्यात मोठ्या दुर्बिणीतूनही तो दिसणार नाही. पण "राहूबिहू सगळं थोतांड" असं म्हणून मोकळं व्हायलाही मी तयार नाही. दाते पंचांग आपल्याच गावात तयार होतं. त्यात रवी, चंद्र, मंगळ यांच्या पंगतीत राहूचेही राशी-अंश छापलेले असतात. जी वस्तूच नाही, तिचे अंश कुठून आले?

सूर्य आकाशात ज्या वाटेनं फिरताना दिसतो, तिला चंद्राची वाट किंचित तिरकी आहे, सुमारे पाच अंशांनी. हात लांब करून मधली तीन बोटं जुळवून आकाशासमोर धरा, साधारण तेवढा कोन. दिसायला थोडाच, पण चंद्राचं बिंब त्यात दहा वेळा बसतं. म्हणून दर अमावास्येला सूर्यग्रहण होत नाही. चंद्र बहुतेक वेळा सूर्याच्या वरून नाहीतर खालून निघून जातो. या दोन वाटा एकमेकींना दोनच ठिकाणी छेदतात. चंद्र दक्षिणेकडून उत्तरेकडे जाताना जिथे छेदतो तो राहू, बरोबर समोरचा केतू. अमावास्या किंवा पौर्णिमा या छेदांजवळ पडली तरच ग्रहण. ७ सप्टेंबर २०२५ ला, अनंत चतुर्दशीच्या दुसऱ्या रात्री, तांबूस चंद्र बघायला सगळे गच्चीवर जागे होते ना? तेव्हा चंद्र राहूपाशीच होता.

हे छेदबिंदूही एका जागी राहत नाहीत. ते उलटे सरकतात आणि १८.६ वर्षांत पूर्ण चक्कर मारतात. "राहू एका राशीला दीड वर्ष असतो आणि कायम वक्री असतो," असं ज्योतिषी सांगतात ते यातूनच आलं. पुढचं फळ काय मिळेल ते त्यांचं त्यांनी बघावं. गती मात्र बरोबर आहे.

आता गोष्ट. समुद्रमंथनानंतर मोहिनी अमृत वाढत असताना स्वर्भानू हा असुर देवांच्या पंगतीत, सूर्य-चंद्रांच्या मध्ये जाऊन बसला. त्या दोघांनी चहाडी केली, सुदर्शन चक्र सुटलं आणि धडावेगळं झालेलं डोकं राहू म्हणून, तर धड केतू म्हणून अमर होऊन बसलं. नेवाशाला मोहिनीराजाचं देऊळ आहे आणि राहूचं डोकं राहुरीला पडलं असं तिकडचे लोक सांगतात, म्हणजे प्रकरण फार लांबचं नाही. मला यातली एक गंमत नेहमी सांगावीशी वाटते. राहू सूर्याला गिळतो खरा, पण त्याला खाली धडच नाही, म्हणून सूर्य गळ्यातून परत बाहेर येतो. एकाच अंगाचे दोन तुकडे कायम समोरासमोर, आणि गिळलेलं हमखास सुटणार. ही गोष्ट रचणाऱ्यानं बरीच ग्रहणं नीट पाहिली असणार. "दे दान, सुटे गिराण" ओरडत फिरणाऱ्यालाही ते सुटणार हे ठाऊकच असतं.

आर्यभटानं इ.स. ४९९ मध्येच लिहून ठेवलं होतं की सूर्याला चंद्र झाकतो आणि चंद्राला पृथ्वीची सावली. ६२८ मध्ये ग्रंथ लिहिणारा ब्रह्मगुप्त ग्रहणाचं गणित सावल्यांनीच करतो, पण राहू नाकारणाऱ्यांना मात्र दटावतो. श्रुती-स्मृती सांगतात तर राहू हवाच! अकराव्या शतकातला विद्वान अल्-बिरुनी यानं पुढे यावर आश्चर्य केलं. मला नाही आश्चर्य वाटत. आपल्याकडे आजही अशी घरं आहेतच की.

आणि राहू फक्त पुराणवाल्यांनाच लागतो असं समजू नका. फ्रान्सच्या ल व्हेरिए या खगोलशास्त्रज्ञानं युरेनसच्या चालीतल्या फरकावरून गणित मांडलं आणि १८४६ मध्ये नेपच्यून जवळपास त्याच जागी सापडला. मग बुधाची चालही थोडी चुकते हे त्याच्या लक्षात आलं. आजच्या हिशेबानं शंभर वर्षांत ४३ विकला, म्हणजे अंशाचा जेमतेम ऐंशीवा भाग. त्यानं १८५९ मध्ये सूर्य आणि बुधाच्या मध्ये आणखी काहीतरी असल्याचं मांडलं. त्याच वर्षी लेस्कार्बो नावाच्या एका खेड्यातल्या डॉक्टरनं सूर्यावरून काळा ठिपका सरकताना पाहिल्याचं कळवलं, आणि ग्रहाचं बारसंही झालं : व्हल्कन, रोमन लोकांचा अग्निदेव. खग्रास ग्रहणात सूर्य झाकला की तो दिसेल, म्हणून पन्नासेक वर्षं लोक त्याच्या मागे होते.

यात आपला जिल्हाही येऊन जातो. २२ जानेवारी १८९८ च्या खग्रास ग्रहणाचा पट्टा करमाळा तालुक्यातल्या जेऊरवरून गेला. पुण्याहून खगोलशास्त्रज्ञ कावसजी नायगमवाला आणि कॅलिफोर्नियाच्या लिक वेधशाळेचे विल्यम कॅम्पबेल दोन मिनिटांच्या अंधारासाठी दुर्बिणी घेऊन तिथे उतरले होते. रेल्वेनं जाताना जेऊर स्टेशन आलं की मी शेजारच्याला हे ऐकवतोच, त्याला हवं असो वा नसो. याच लिक वेधशाळेच्या पथकांनी पुढे १९०१, १९०५ आणि १९०८ च्या ग्रहणांत सूर्याच्या आसपासचे फोटो घेऊन व्हल्कन शोधला. बुधाला एवढं ओढेल असं तिथे काहीच निघालं नाही. १९१५ मध्ये आइन्स्टाइनच्या नव्या गुरुत्वाकर्षणानं त्या ४३ विकला चोख भरून काढल्या आणि व्हल्कनचं काम संपलं. बुधाच्या चालीतला फरक खरा होता, त्यासाठी मानलेला ग्रह खोटा निघाला. राहूची गत तीच, फक्त त्याला पंचांगात कायमची नोकरी मिळाली.

राहूकाळाबद्दलही विचारता. आपल्याकडे कर्नाटक, तेलंगण जवळ. शहराच्या पूर्व भागात तर तो बघितल्याशिवाय दुकानाचं शटर वर जात नाही. तो म्हणजे दिवसाचे आठ भाग करून वारानुसार काढलेला दीड तास. त्याचा वर सांगितलेल्या छेदबिंदूशी काही संबंध नाही. पुढचाच दाखला घ्या. २ ऑगस्ट २०२७, आषाढ अमावास्या, सोमवार. सोमवारचा राहूकाळ सकाळी साडेसात ते नऊ. ग्रहण मात्र दुपारनंतर, आणि तेही केतूजवळ! सोलापुरातून सूर्याचा थोडासाच भाग झाकलेला दिसेल, आभाळ मोकळं असलं तर. गच्चीवर या. साधा गॉगल किंवा जुना एक्स-रे नको, ग्रहणाचा चष्मा घेऊन या.