गच्चीवरची अवकाशधूळ, नोंद चौथी: गोलिकांची मोजणी आणि यंगर ड्रायसचा वाद

अवकाशातून पडणारी धूळ शोधायला भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी गच्ची झाडायला घेतली, ही या खेपेची पहिली चूक. पावसाळ्यात पन्हळीच्या तोंडाशी साचलेला गाळ वाळून कडक झाला होता. तो खरवडला, प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवलेला शक्तिशाली निओडिमियम चुंबक त्यावरून फिरवला, पिशवी उलटी करून चिकटलेले कण वाटीत घेतले आणि भांड्यांच्या साबणाच्या पाण्यात चार वेळा धुऊन वाळवले. सूक्ष्मदर्शकाखाली काळ्याभोर, चकचकीत गोलिकांची रास दिसली आणि मला हर्षवायू व्हायचाच बाकी राहिला. मग फुलबाजीची आठवण झाली. तिच्यातला लोखंडाचा कीस पेटतो, वितळतो आणि पृष्ठताणामुळे गोल होऊन थिजतो. वातावरणात शिरताना वितळणाऱ्या अवकाशधुळीचेही असेच होते. त्यामुळे नुसत्या गोल आणि काळ्या रूपावरून कोणत्याही गोलिकेचे गोत्र ठरत नाही.

खरी गंमत मोजणीत झाली. त्या कणांचे दोन सारखे भाग केले. माझ्या भागात मला १९ गोलिका सापडल्या, भाच्याला त्याच्या भागात ६१. पोराने धूळही मोजली असावी, असे आधी वाटले. भाग बदलून पाहिले, तर त्याच्या भागात मला ५८ आणि माझ्या भागात त्याला २२ मिळाल्या. फरक डोळ्यांचा नव्हताच. त्याने आपला भाग मोजण्याआधी १५० मायक्रॉनच्या चाळणीतून काढून बारीक आणि जाड कण वेगळे केले होते; माझ्या न चाळलेल्या भागात बारीक गोलिका जाड कणांच्या आड दडून राहिल्या.

हे कळल्यावर यंगर ड्रायस वादावरचे जुने शोधनिबंध पुन्हा काढून वाचले. सुमारे १२,८०० वर्षांपूर्वी हिमयुग ओसरत असताना उत्तर गोलार्धात थंडी अचानक परतली आणि हजाराहून अधिक वर्षे टिकली; त्या थंड काळाला यंगर ड्रायस म्हणतात. उत्तर अमेरिकेवर धूमकेतू फुटल्यामुळे ती आली आणि मॅमथसारखे प्राणी व तिथल्या प्राचीन शिकारी माणसांची क्लोव्हिस संस्कृती संपण्यालाही तोच आघात कारणीभूत ठरला, असे रिचर्ड फायरस्टोन आणि सहकाऱ्यांनी २००७ साली मांडले. त्या काळाचे विवर दाखवता येत नसल्याने सारा भार त्या काळच्या मातीच्या थरातल्या चुंबकीय गोलिका, अतिसूक्ष्म हिरे आणि इरिडियम (पृथ्वीच्या कवचात दुर्मीळ, अशनींत जास्त आढळणारा धातू) यांवर पडला. २००९ मध्ये टॉड सुरोव्हेल यांच्या गटाने सात ठिकाणची माती तपासली आणि त्या थरात गोलिकांची वाढ त्यांना आढळली नाही. २०१२ मध्ये माल्कम लकॉम्प्ट यांच्या गटाने त्यांपैकी न्यू मेक्सिकोतील ब्लॅकवॉटर ड्रॉ आणि साउथ कॅरोलायनातील टॉपर इथली माती पुन्हा पाहून गोलिका सापडल्याचे सांगितले. सुरोव्हेल यांनी कण आकारानुसार वेगळे केले नव्हते, हा लकॉम्प्ट यांच्या गटाचा एक मुख्य आक्षेप होता.

आजवर मी हा आक्षेप पळवाट समजत होतो. आता तसे म्हणवत नाही. मात्र त्यामुळे धूमकेतू सिद्ध होतो, असेही नाही. अवकाशधूळ पृथ्वीवर रोजच पडते, म्हणून नुसत्या गोलिका सापडण्याला अर्थ नाही. त्या एकाच थरात एकवटल्या आहेत का, हा प्रश्न आहे, आणि तो आकडा चाळणीवर इतका अवलंबून असेल तर मी त्यावर फार भार टाकणार नाही. ग्रीनलंडच्या हिमगाभ्यात (बर्फाच्या थरांतून छेदून काढलेल्या नमुन्यात) २०१३ मध्ये दाखवलेले त्या काळाचे प्लॅटिनम मला अधिक वजनदार वाटते, पण गंमत अशी की सोबत इरिडियम फारच कमी असल्याने ते मांडणाऱ्यांनीच धूमकेतूऐवजी लोहमय अशनीकडे बोट दाखवले. ग्रीनलंडमधले ३१ किलोमीटरचे हायावाथा विवर २०१८ मध्ये जाहीर झाले, तेव्हा या गृहीतकाच्या समर्थकांना फार आनंद झाला होता. २०२२ मध्ये त्याचे वय ५ कोटी ८० लाख वर्षे निघाले.

माझ्या राशीतून सध्या दोनच उमेदवार उरले आहेत. ते काळे चकचकीत नसून धुरकट, काचेसारखे आहेत आणि एकावर ऑलिव्हिन या खनिजाच्या समांतर पट्ट्या दिसतात. नॉर्वेच्या यॉन लार्सन यांनी शहरी छपरांवरून शोधलेल्या सूक्ष्म उल्कांमध्ये अशा पट्ट्या आढळतात. इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली रासायनिक तपासणी होईपर्यंत मी त्यांना उमेदवारच म्हणेन. दरम्यान चिनीमातीच्या ताटलीवर फुलबाजी जाळून तिच्या गोलिकांची आणि खालच्या मजल्यावरच्या ग्रिलच्या वेल्डिंगमधून गोळा केलेल्या गोलिकांची अशा दोन वेगळ्या काचपट्ट्या करत आहे. पुढची मोजणी चाळल्यानंतरच होईल आणि कोणती पट्टी कशाची, हे भाच्याला सांगणार नाही.