तुम्ही विचारलंत म्हणून: कादंबरी जमते, मग पटकथा का अडते?

हा प्रश्न लिहिणारी मंडळी वरचेवर विचारतात. ज्याँ-क्लोद कारिएर या फ्रेंच पटकथाकाराची वाटचाल बघा, बरंचसं उत्तर तिथेच सापडेल.

१९५७ साली त्याची पहिली कादंबरी आली. मग प्रकाशकाने काम दिलं तेही उलटं: झाक ताती या फ्रेंच विनोदी दिग्दर्शकाच्या चित्रपटांवरून पुस्तकं लिहायची. सिनेमा कसा बनतो याची त्याला काहीच माहिती नव्हती. तातीने त्याला संकलक सुझान बारोंच्या हवाली केलं. तिने टेबलावर पटकथा ठेवली, शेजारी मूव्हिओलावर (संकलनाच्या यंत्रावर) त्याच चित्रपटाचं रीळ चढवलं आणि सांगितलं, इथून तिथे जायचं कसं, सगळी अडचण एवढीच.

हे घरी करता येतं. पटकथेचं एक पान वाचा, तेवढाच प्रसंग पाहा, थांबा. मग स्वतःच्या पानावर या. ‘तो वडिलांवर नाराज होता’ हे वाक्य कादंबरीत खपतं. कॅमेऱ्यापुढे नट नुसता तोंड पाडून बसेल. ‘वडील आत येताच तो रेडिओ बंद करून उठतो’ हे चित्रित करता येतं.

पुढे लुई बुन्युएल या स्पॅनिश दिग्दर्शकासाठी त्याने १९६४ ते १९७७ या काळात सहा चित्रपट लिहिले. दोघं आडबाजूच्या हॉटेलात मुक्काम ठोकत. बायका, मित्र कुणी नाही. सकाळी तीन तास, दुपारी तीन तास काम. संध्याकाळी अर्धा तास वेगळं बसून प्रत्येकाने एक गोष्ट रचायची आणि बारमध्ये दुसऱ्याला सांगायची. कल्पना ऐकली की तीन सेकंदांत हो किंवा नाही. कारण विचारायचं नाही. जास्त वेळ दिला की माणूस वकिली सुरू करतो, आणि आपल्या लाडक्या प्रसंगाची वकिली करण्यातच बहुतेक पटकथा बुडतात.

त्यांतल्याच ‘डिस्क्रीट चार्म’ (१९७२) या चित्रपटाची ठिणगी तर क्षुल्लक: निर्माता सिल्बरमानने पाहुण्यांना जेवायला बोलावलं, बायकोला सांगायला विसरला आणि स्वतः दुसरीकडेच जेवायला गेला. तेवढ्यावरून चित्रपट उभा राहायला पाच खर्डे लागले. दुसऱ्याच खर्ड्यावर रडणाऱ्यांनी हा आकडा लक्षात ठेवावा.

ब्रिटिश दिग्दर्शक पीटर ब्रुकसाठी लिहिलेलं नऊ तासांचं ‘महाभारत’ हे नाटक १९८५ मध्ये फ्रान्समधल्या आविन्याँला झालं. त्यात ‘धर्म’ हा शब्द त्याने भाषांतर न करता तसाच ठेवला. फ्रेंच बोलणाऱ्या नटांच्या तोंडी तो अडखळला असता तरी चाललं असतं. ‘कर्तव्य’ किंवा ‘कायदा’ म्हटलं असतं तर युधिष्ठिराची पंचाईतच उरली नसती.