सांगलीचं जुनं मीटर गेज स्टेशन : मॉडेलचं काम कुठवर आलंय

मंडळी, बरेच दिवस अपडेट टाकलं नव्हतं, आज एकदम सगळं सांगतो. मॉडेलचा काळ फायनल झाला, नकाशाचं काम मार्गी लागलं आणि मुख्य म्हणजे रुळाचा प्रश्न सुटला, तो कसा सुटला ते खाली सविस्तर लिहितोय कारण त्यात लई मजा आली.

नवीन मेंबरसाठी थोडी पार्श्वभूमी. सांगलीत स्टेशन चौक आहे, स्टेशन रोड आहे, पण आताचं स्टेशन तिथनं लांब पूर्वेला. पुणे ते लोंढा ही मीटर गेज (दोन रुळांत एक मीटर अंतर) लाईन सदर्न मराठा रेल्वेने 1890 पर्यंत पूर्ण केली, मिरज त्या लाईनवर आलं, 1891 ला मिरजेतनं कोल्हापूरचा फाटा पण निघाला, आणि सांगली मात्र संस्थानची राजधानी असून, हळदीची एवढी मोठी पेठ असून बाजूलाच राहिली. मग मिरज ते सांगली असा साधारण 5 मैलांचा फाटा झाला, 1907 ला चालू झाला, मालकी सांगली संस्थानची आणि गाड्या चालवायला सदर्न मराठा कंपनी. संस्थानाची स्वतःची रेल्वे, ती पण फक्त 5 मैल! मला या लाईनचं जे वेड लागलं ते इथनंच.

आता काळ कुठला धरायचा यावर फार डोकं घातलं, कारण त्यावर स्टेशनातल्या पाट्या, डब्यांचा रंग, सगळंच ठरतं. 1908 ला कंपनी मद्रास रेल्वेत मिळून मद्रास अँड सदर्न मराठा झाली, 8 मार्च 1948 ला संस्थान मुंबई प्रांतात विलीन झालं, 14 एप्रिल 1951 ला सदर्न रेल्वे आली, 2 ऑक्टोबर 1966 पासून साऊथ सेंट्रल. म्हणजे साठेक वर्षांत एवढ्याशा फाट्याने किती मालक बघितले बघा. मी 1950 चं दशक, सदर्न रेल्वेचा काळ धरलाय. कारण सरळ आहे, त्या काळात त्या गाडीत बसलेली माणसं अजून आहेत, त्यांना विचारता येतं. आमच्या गल्लीतल्या एका आजींना विचारलं तर म्हणाल्या, "अरे पुण्याला जायचं म्हणजे आधी मिरजेला जायचं, तिथं ट्रंक उतरवायची आन् परत दुसऱ्या गाडीत चढवायची, लेकरं सांभाळत." एका वाक्यात आख्खा फाटा समजला.

नकाशा. अमेरिकन आर्मीने 1950 च्या दशकात काढलेले यू502 सिरीजचे नकाशे नेटवर मिळतात, पण ते 1:250000 चे, म्हणजे आपली आख्खी लाईन तिथं 32 मिमी, दिशा कळते पण वळणं कळत नाहीत. 1:50000 च्या शीटवर (सांगली-मिरज 47 एल/9 मध्ये येतं) तीच लाईन 16 सेमी होते. दोन्ही क्यूजीआयएसमध्ये (नकाशे एकावर एक बसवायचं सॉफ्टवेअर) सॅटेलाईट फोटोवर बसवून घेतलंय. जुनी लाईन ओळखायची खूण तुम्हाला माहितीच आहे, रेल्वे काटकोनात वळत नाही, त्यामुळे प्लॉटच्या हद्दी जिथं विनाकारण तिरक्या जातात, लांबट पट्टा सुटलेला दिसतो, तिथं थांबून बघायचं. गावात बांधकाम एवढं झालंय की नुसत्या डोळ्यांनी काही दिसत नाही, वरनं मात्र दिसतं.

आता रूळ. मिरजेकडे एका वस्तीवर गोठ्याच्या शेडला खांब म्हणून रुळाचा तुकडा उभा केलेला आहे असं एका मित्राने सांगितलं म्हणून गेलो. मालक काका म्हणाले, "आमच्या वडलांनी लिलावातनं आणलाय, हालत न्हाई बघा अजून." व्हर्नियर लावला. उंची जेमतेम 104 मिमी, तळ बरोबर 100. टोकाला फिशप्लेटची (दोन रूळ जोडायची पट्टी) दोन भोकं, त्यातल्या एकात दाव्याची कडी अडकवलेली, आणि डोक्याची एक बाजू चाकाने घासून गुळगुळीत, दुसरी तशीच धारदार. 50 आर सेक्शनची (रुळाचा एक ठरलेला प्रकार) कोरी उंची 104.8 मिमी असते आणि तळ 100, म्हणजे 50 पौंडी, यार्डाला 50 पौंड, मीटरला साधारण 25 किलो. बार्शी लाईटच्या नॅरोगेजवर सुरुवातीला 30 पौंडी रूळ होते, आणि आताचा ब्रॉडगेजचा 60 किलोचा रूळ 172 मिमी उंच. त्यामुळे मी याला मीटर गेजचा माल धरतो. तो आपल्याच फाट्याचा होता असा माझा दावा नाही, मेन लाईनचा पण असेल, पण मापाला आधार म्हणून मला पुरेसा आहे.

हे का महत्त्वाचं, तर मॉडेल 1:87 मध्ये करतोय. 104.8 भागिले 87 म्हणजे 1.2 मिमी. दुकानात सगळीकडे मिळतो तो कोड 100 चा ट्रॅक (कोड म्हणजे मॉडेलच्या रुळाची उंची, इंचाच्या हजाराव्या भागात), म्हणजे 2.54 मिमी उंच रूळ, तो खरा केला तर 221 मिमी होतो, एवढा उंच रूळ आताच्या आपल्या ब्रॉडगेजला पण नाही! त्यावर मीटर गेजची गाडी ठेवली की हत्तीच्या सोंडेवर उंदीर बसवल्यासारखं दिसतं. म्हणून कोड 40 घेतलाय, तो 1 मिमीचा, किंचित कमी पडतो पण कोड 55 पेक्षा नजरेला बरा वाटतो. रुळांमधलं अंतर हिशोबाने 11.5 येतं, मी 12 मिमी ठेवलंय कारण चाकं त्याच मापाची मिळतात. स्लीपर लाकडी, खरे 6 फूट लांब आणि 8 इंच रुंद, म्हणजे माझे 21 मिमी बाय 2.3. लाकडी पट्टीतनं कापतोय आणि पातळ केलेल्या काळ्या-तपकिरी शाईत बुडवतोय, प्रत्येक स्लीपरची छटा वेगळी यायला पाहिजे.

खडी मात्र इथलीच वापरणार. आपला काळा दगड कुटून चाळायचा, विकतची करडी खडी सांगलीची वाटतच नाही.

एक गोष्ट मनापासून वाटते ती लिहितो. या फाट्याबद्दल बोलताना लोक "बंद पडला" म्हणतात, ते ऐकलं की वाईट वाटतं. 1971 ला पुणे-मिरज ब्रॉडगेज झालं तेव्हा मेन लाईनच सांगलीतनं नेली, म्हणजे ज्यासाठी हा फाटा टाकला होता ते गावाला मिळालं. फाट्याने चोख काम केलं आणि मग त्याची गरज संपली. त्याच्या वाट्याला एक नीट नकाशा आणि एक नीट मॉडेल तरी यायलाच पाहिजे.

अडलंय ते स्टेशनच्या इमारतीपाशी. अंदाजाने इमारत उभी करणार नाही, तोवर ती जागा बोर्डवर मोकळी ठेवलीय. 2005 आणि 2019 च्या पुरात कित्येक घरांतले अल्बम भिजून गेले, तरी कुणाच्या घरी लग्नाचा, सहलीचा, निरोपाचा असा फोटो असेल आणि मागं प्लॅटफॉर्म, छप्पर, पाण्याची टाकी, काहीही कोपऱ्यात दिसत असेल तर प्लीज स्कॅन करून पाठवा, माणसांचे चेहरे झाकून पाठवलात तरी चालेल. आणि 12 मिमीच्या चाकांचे सुटे जोड कुणाकडे जास्तीचे असतील तर सांगा, मालडब्यांच्या दोन चेसिस तयार होऊन पडल्यात.