आधी कोणाला तपासायचे, हे कसे ठरते?

रुग्णालयाच्या आपत्कालीन विभागात ताटकळत बसलेल्या माणसाला सर्वांत जास्त खुपते ते आपल्या मागून आलेल्याला आधी आत घेतले जाणे. हात मोडलेला तरुण वेदनेने कळवळत बाकावर बसलेला असतो आणि त्याच्यानंतर अर्ध्या तासाने स्वतःच्या पायांनी चालत आलेले, 'जरा अस्वस्थ वाटते आहे' एवढेच सांगणारे साठीचे गृहस्थ थेट आतल्या खाटेवर पोहोचतात. तरुणाबरोबरच्या मंडळींना यात वशिला दिसतो आणि खिडकीतल्या परिचारिकेशी वाद सुरू होतो. हा क्रम कसा लागतो हे लोकांना कोणी समजावून सांगत नाही, याचे मला फार वाईट वाटते. कारण ते समजले, तर त्या रागातला बराचसा भाग ओसरेल आणि जो उरेल तो योग्य ठिकाणी वळेल.

या पद्धतीला ट्रायाज म्हणतात आणि तिचा उगम रणांगणावर झाला. नेपोलियनच्या सैन्यातील शल्यविशारद दोमिनिक-जाँ लारे यांनी जखमींचा हुद्दा न पाहता जखमेच्या गांभीर्यानुसार उपचारांचा क्रम लावण्याचा आग्रह धरला. आजच्या रुग्णालयांतील पाच स्तरांच्या पद्धती मात्र विसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकातल्या आहेत. ऑस्ट्रेलियातील पद्धतीत पहिल्या स्तराच्या रुग्णाकडे त्याच क्षणी धावून जायचे असते आणि पुढच्या स्तरांसाठी १०, ३०, ६० व १२० मिनिटांची मर्यादा असते. मँचेस्टरच्या पद्धतीत हेच लाल, नारिंगी, पिवळा, हिरवा आणि निळा या रंगांनी दाखवतात. रंग आणि मिनिटे देशागणिक बदलतात, पण विचारला जाणारा प्रश्न सगळीकडे जवळजवळ एकच असतो: हा रुग्ण किती वेळ सुरक्षितपणे थांबू शकेल? किती दुखते आहे, हा त्या प्रश्नाचा एक भाग असतो. संपूर्ण प्रश्न नव्हे.

या प्रश्नाचे उत्तर देण्यासाठी ट्रायाज करणाऱ्या परिचारिकेच्या हाताशी जेमतेम काही मिनिटे असतात. रुग्ण दारातून येत असतानाच तिची तपासणी सुरू झालेली असते. तो पूर्ण वाक्य बोलतो आहे की दोन शब्दांनंतर श्वासासाठी थांबतो आहे, कपाळावर गार घाम आहे का, ओठांचा रंग कसा आहे, विचारलेल्याला नीट उत्तर देतो आहे का, हे ती खुर्चीवर बसवण्याआधीच टिपते. मग नाडी, रक्तदाब, तापमान आणि बोटाला चिमटा लावून रक्तातील ऑक्सिजन. हे सगळे यंत्र सांगते. श्वासांची गती मात्र आजही बहुतेक ठिकाणी डोळ्यांनीच मोजावी लागते आणि ती मोजण्याची एक शांत रीत आहे. आपला श्वास कोणी मोजते आहे हे कळले की माणसाचा श्वास बदलतो, म्हणून जाणती परिचारिका नाडी पाहत असल्यासारखे मनगट धरून ठेवते आणि नजर छातीच्या वरखाली होण्यावर ठेवते. विश्रांत अवस्थेतील प्रौढ व्यक्ती मिनिटाला साधारण १२ ते २० श्वास घेते. जंतुसंसर्ग रक्तात पसरू लागला असेल किंवा शरीरात आम्ल साठत असेल, तर रक्तदाब घसरण्याच्या बऱ्याच आधी हा आकडा चढू लागतो. गर्दीच्या वेळी तो न मोजता अंदाजाने लिहून टाकला जातो, ही मला या साऱ्या व्यवस्थेतील सर्वांत महागात पडणारी घाई वाटते.

आवाजाबद्दलचा आपला समजही येथे उलटा ठरतो. जो मोठ्याने ओरडू शकतो त्याचा श्वासमार्ग निदान त्या क्षणी तरी मोकळा असतो; कोपऱ्यात निपचित पडलेल्याकडे आधी पाहावे लागते. दम्याच्या तीव्र झटक्यात छातीतली घरघर एकाएकी थांबली, तर घरच्यांना हायसे वाटते, पण आवाज होण्याइतकीही हवा आता आत-बाहेर होत नाही, असा त्याचा अर्थ असू शकतो.

आकडेही फसवतात. लहान मुलांचे शरीर रक्तदाब शेवटपर्यंत सावरून धरते आणि मग तो झपाट्याने कोसळतो. हृदयाची गती कमी ठेवणाऱ्या गोळ्या घेणाऱ्याची नाडी मोठ्या रक्तस्रावातही फारशी वाढत नाही. वयस्कर माणसाला गंभीर संसर्गात ताप येईलच असे नाही. उलट तीन महिन्यांच्या आतील बाळाला नुसता ३८ अंश सेल्सिअस ताप असला, तरी तो गंभीर धरला जातो. वृद्ध, मधुमेही आणि स्त्रिया यांच्यात हृदयविकाराचा झटका छातीतल्या कळेविना, नुसता दम लागणे, मळमळ किंवा जबड्यातले दुखणे अशा रूपात येऊ शकतो. त्या साठीच्या गृहस्थांना आत नेले ते म्हणूनच: अशा संशयित रुग्णाचा ईसीजी १० मिनिटांच्या आत काढून डॉक्टरांनी पाहावा, असा दंडक आहे.

काही आजारांत रुग्ण स्थिर दिसत असला, तरी घड्याळ धावत असते. मेंदूतील रक्ताची गुठळी विरघळवणारे औषध सामान्यतः लक्षणे सुरू झाल्यापासून साडेचार तासांच्या आत द्यावे लागते, त्यामुळे तोंड वाकडे झालेला माणूस शांत बसला असला, तरी त्याला थांबवून ठेवत नाहीत. डोळ्यांत रसायन गेले असेल, तर नाव लिहिण्याआधी डोळे भरपूर पाण्याने धुवायला सुरुवात व्हायला हवी.

मोठ्या अपघातात एकाच वेळी शेकडो जखमी येतात, तेव्हा मात्र तत्त्वच बदलते. एरवी मरणासन्न रुग्णामागे सगळा चमू उभा राहतो. अशा आपत्तीत मात्र हाताशी असलेल्या साधनांतून जास्तीत जास्त जीव कसे वाचतील, हे पाहावे लागते. १९८३ मध्ये कॅलिफोर्नियात तयार झालेल्या 'स्टार्ट' पद्धतीत, श्वासमार्ग मोकळा करूनही जो श्वास घेत नाही त्याला काळी चिठ्ठी लावून पुढच्या जखमीकडे जायचे असते. असा निर्णय घेणाऱ्याला तो आयुष्यभर सलत असणार.

परत रोजच्या विभागाकडे. दिलेला स्तर हा त्या घडीचा अंदाज असतो आणि या व्यवस्थेची दुखरी जागा हीच आहे. मोडलेल्या हाताला आधारपट्टी आणि वेदनाशामक बाहेर थांबलेले असतानाच मिळायला हवे. वेदना खऱ्या आहेत आणि त्या कमी करण्यासाठी खाटेची गरज नसते. त्याच हाताची बोटे गार, निळसर किंवा बधिर होऊ लागली, तर रक्तपुरवठा अडकल्याची शंका घेऊन त्याचा स्तर तिथल्या तिथे वर न्यावा लागतो. म्हणून थांबलेल्यांची ठरावीक वेळाने फेरतपासणी करणे हे पहिल्या तपासणीइतकेच महत्त्वाचे आहे. माणसे कमी असली की पहिली काट तिलाच लागते, आणि ते धोकादायक आहे.

शिवाय स्तर ठरवल्याने खाट रिकामी होत नाही. दाखल करून घेण्याचा निर्णय झालेले रुग्ण वॉर्डात जागा नसल्यामुळे तासन्‌तास आपत्कालीन विभागातच पडून राहतात आणि बाहेरच्यांची वाट लांबते. तेव्हा जाब विचारायचा तर तो खाटा आणि मनुष्यबळ किती ठेवायचे हे ठरवणाऱ्यांना विचारावा. खिडकीतल्या परिचारिकेच्या हाती यातले काहीच नसते.

तिच्या हाती जे असते ते मात्र आपण दिलेल्या माहितीवर अवलंबून असते. त्रास नेमका कधी सुरू झाला, माणूस शेवटचा धडधाकट कधी दिसला, रक्त पातळ करणारी गोळी चालू आहे का, मधुमेह किंवा गर्भधारणेची शक्यता आहे का, हे आधी सांगावे. थांबलेले असताना झोपाळलेपणा, नवी वेदना, श्वासाचा वेग असे काहीही बदलले, तर संकोच न करता पुन्हा खिडकीशी जावे आणि 'अजून किती वेळ लागेल' असे विचारण्याऐवजी काय बदलले ते सांगावे. कंटाळून घरी जाण्याचा विचार झालाच, तर न सांगता निघून जाऊ नये. जाण्यापूर्वी पुन्हा एकदा नाडी, रक्तदाब आणि श्वास तपासून घ्यावेत आणि कोणते लक्षण दिसताच परत यायचे, ते विचारून घ्यावे.