दोन्ही जॉइंट, बूट, ग्रीस

गणपतीच्या आधीचे आठ दिवस आमच्याकडे गॅरेजवाल्याला बसून जेवायला मिळत नाही. उभ्याने भाकरी, तीही ग्रीसच्या हाताने. मुंबईहून निघालेले चाकरमानी माणगाव-लोणेऱ्याच्या रांगेत रात्रभर क्लच जाळतात आणि पहाटे संगमेश्वरात येऊन माझ्या दारात हॉर्न वाजवतात. हायवेचं चौपदरीकरण दहा वर्षांहून जास्त चाललंय, त्यात सगळ्यात जास्त कमाई कोणाची झाली असेल तर आमच्यासारख्या गॅरेजवाल्यांची. डायव्हर्जनची खडी, उखडलेली कड, पावसाळ्यात लाल राडा. गाडीच्या खालच्या अंगाला जे जे रबराचं आहे ते सगळं इथे लवकर म्हातारं होतं.

अशाच एका सकाळी स्टेशनवरून गावोगाव ट्रिपा मारणारा एक पोरगा आला. गाडी छोटी, २०१२ची. कंपनी सांगत नाही, अशा गाड्या प्रत्येक वाडीत दोन तरी आहेत. पाटी पांढरी आणि धंदा भाड्याचा, पण त्यात मी पडत नाही.

"दादा, उजवीकडं पूर्ण स्टिअरिंग कापलं की टकटकटक वाजतं. एवढं बघून द्या, साडेदहाच्या गाडीला माणसं हायत."

मला गाडी उचलायचीही गरज नव्हती. डाव्या चाकाच्या आतल्या रिमवर, टायरच्या आतल्या बाजूला आणि शॉकॲब्सॉर्बरवर काळी चिकट फवारणी झालेली. चाक फिरतं तशी ती वर्तुळात उडते, एका सरळ पट्ट्यात. याला लोक 'ऑइल लागलंय कुठंतरी' म्हणतात आणि फडक्याने पुसून पुढे जातात. डॅशबोर्डला रोज अगरबत्ती लावतील, पण चाकामागे वाकून बघायला कंबर दुखते. चाकाजवळच्या जॉइंटवरचा रबरी बूट फाटून निदान दोनेक महिने झालेले असणार. फाटल्या दिवशी आला असता तर साडेतीनशेचं बूटकिट आणि माझी मजुरी, एवढ्यावर भागलं असतं.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. पुढच्या चाकांवर चालणाऱ्या गाडीत तीच चाकं वळतातही आणि ओढतातही. गिअरबॉक्समधून येणारा शाफ्ट सरळ आणि चाक वाकडं, तरी ओढ अखंड पोचली पाहिजे, म्हणून चाकाकडे एक जॉइंट असतो. बाहेर वाटी, आत खाचांचा गोळा, मध्ये जाळी आणि जाळीत सहा पोलादी गोळ्या. या सगळ्यावर घड्यांचा रबरी बूट. माझे उस्ताद अँबॅसॅडर आणि फियाटवर शिकलेले, त्या गाड्यांची मागची चाकं ओढायची, त्यामुळे हे प्रकरणच नव्हतं. १९८३ साली मारुती ८०० आली आणि मग हा बूट घरोघरी पोचला. उस्ताद त्याला 'टोपडं' म्हणायचे. टोपडं फाटलं की पोराला सर्दी.

हब नट, म्हणजे चाकाच्या मधोमध शाफ्टला धरून ठेवणारा मोठा नट, गाडी जमिनीवर असतानाच सैल करायचा, आमचा पोऱ्या आत बसून ब्रेक दाबून धरतो. त्याआधी नटाची कड, जी शाफ्टच्या खाचेत ठोकून चेपलेली असते, ती छिन्नीने उचलायची. न उचलता पान्याला चार फुटी पाइप लावून फिरवणारे महाभाग आहेत. त्यांनी मारलेले आटे मग माझ्याकडे येतात. पुढचं सांगत बसत नाही: गिअर ऑइल काढलं, लोअर आर्मचा बॉल जॉइंट सोडवला, नकल बाजूला केली, शाफ्ट बाहेर.

बूट उघडला तेव्हा कळलं की आधीच्या कुणीतरी मागचं टोक क्लॅम्पऐवजी बाइंडिंग वायरने आवळलं होतं. वायरने रबर कापलं होतं. एक कानाचा क्लॅम्प किती रुपयाला येतो हो? पण क्लॅम्प आवळायची पक्कड वेगळी लागते, ती विकत घ्यायची म्हटलं की माणसाचा हात खिशात जात नाही. काहीजण प्लास्टिकचा टाय मारतात आणि वर सांगतात, 'कंपनीपेक्षा भारी.'

या जॉइंटचं ग्रीस मॉलिब्डेनमचं, काजळासारखं काळं आणि मऊ असतं. इथे आत होता विटकरी रंगाचा चिखल. बोटांत चोळला तर रवा लागला. जांभ्याची माती. ही माती ग्रीसमध्ये मिसळली की व्हॉल्व्ह घासायची पेस्टच तयार होते, आणि पोरगा ती आत घेऊन दोन महिने फिरत होता.

पितळी ड्रिफ्टने जॉइंट शाफ्टवरून उतरवला, रॉकेलमध्ये धुतला. आतला गोळा तिरका करत करत एकेक गोळी काढायची, आणि ज्या घरातली गोळी त्याच घरात परत गेली पाहिजे. यासाठी माझ्याकडे आईने मोडीत काढलेल्या इडलीपात्राची एक ताटली आहे. घरांवर सेंटर पंचाने आकडे ठोकलेत. येणारे-जाणारे हसतात. हसोत. गोळ्या एका डब्यात ओतून मग 'सगळ्या सारख्याच असतात' म्हणणाऱ्यांचे जॉइंट मी ऐकलेत.

खाचांवरून नख फिरवलं. प्रत्येक खाचेच्या एका अंगाला नख अडकत होतं. दुसरं अंग आरशासारखं.

इथेच माझ्या डोक्यात उस्तादांची युक्ती आली. गाडी आयुष्यभर पुढे जाते, म्हणून गोळी खाचेच्या एकाच अंगावर रेटते. दुसऱ्या अंगावर जोर येतो तो रिव्हर्सला आणि थोडासा उतारावर ॲक्सिलरेटर सोडल्यावर. त्यामुळे डाव्या चाकाचा जॉइंट काढून उजव्या चाकाला लावला, उजव्याचा डाव्याला, की फिरण्याची दिशा उलटते आणि गोळ्या न झिजलेल्या अंगावर चालायला लागतात. दोन्हीकडचे बाहेरचे, म्हणजे चाकाकडचे, जॉइंट एकसारखे असतील तरच हे जमतं. या गाडीला एबीएस, म्हणजे ब्रेक दाबल्यावर चाक अडकू न देणारी यंत्रणा, नव्हतं, म्हणजे जॉइंटवरच्या तिच्या रिंगच्या दात्यांचीही भानगड नाही.

पोराला सांगितलं, जॉइंट गेलाय, नवा टाकायला हवा. त्याने खिशातून १,५०० रुपये काढून दाखवले. तेवढेच. मी चिपळूणला आणि रत्नागिरीला फोन लावले, दोन्हीकडे तो जॉइंट शिल्लक नव्हता, गणपतीनंतर मिळेल म्हणाले. म्हणजे पोराचे सीझनचे दहा दिवस गेले. वर्षाची निम्मी कमाई तो या दहा दिवसांत करतो.

मग मी उजवा शाफ्टही काढला. दोन्ही जॉइंटची अदलाबदल केली. शाफ्टच्या आतल्या टोकांचेही धरून चारही बूट नवे घालायची इच्छा होती, पण पैसे तेवढेच, म्हणून बाहेरचे दोन. किटमधलं ग्रीस सगळं, गोळ्यांच्या मधे बोटाने दाबून. सर्कलिप, म्हणजे जॉइंट शाफ्टवर अडकवून ठेवणाऱ्या कड्या, नव्या. बूट बसवल्यावर ओठाखाली बारीक स्क्रूड्रायव्हर घालून आतली हवा सोडायची आणि मगच क्लॅम्प आवळायचा. हवा कोंडली तर बूट फुगतो आणि घड्या एकमेकींवर घासतात. हब नट नवे, टॉर्क पान्याने, मग कड चेपून त्यावर माझा पिवळ्या रंगाचा ठिपका. तो ठिपका असला की हे काम माझ्या हातचं हे मला कळतं.

मैदानात नेऊन पूर्ण स्टिअरिंग कापून आठाचे आकडे काढले. एक टकही नाही. खोटं कशाला बोलू, मला फार बरं वाटलं. पोऱ्या बघत होता, त्याला सगळं समजावून सांगितलं. उस्ताद असते तर त्यांनी पाठीवर मारलं असतं.

पोरगा येईपर्यंत साडेदहाची गाडी होऊन गेली होती, त्याच्या कानाला फोन, पलीकडे पॅसेंजर तापलेले. मी त्याला सांगितलं, "बघ, ही तात्पुरती सोय आहे. पाच-सहा महिन्यांत उजवीकडचा जॉइंट नवा टाकून घे. जाळी आणि गोळ्या झिजल्यात त्या झिजल्यातच, त्यांना डावं-उजवं नसतं." त्याने मान हलवली. "हो हो दादा." फोनला की मला, देव जाणे. चिठ्ठी मागितली, मी पाठकोऱ्या कागदावर लिहून दिली आणि पुढच्या गाडीखाली शिरलो.

शिमगा झाला. मे महिन्यात एक बाई तीच गाडी घेऊन आल्या. मी आधी ओळखली नाही, सीटकव्हर नवे होते. बाई आरोग्यसेविका आहेत, वाड्यावाड्यांवर फिरतात. स्कूटरवर पाठ गेली म्हणून मार्चमध्ये गाडी घेतली.

"पुढे जाताना काही नाही हो. मागे घेताना वाजते."

त्यांचं घर रस्त्याच्या खाली आहे. रोज सकाळी गाडी रिव्हर्समध्ये घाटी चढवायची, वर आल्यावर स्टिअरिंग पूर्ण कापायचं. तिथे टकटक. आधी दोन ठिकाणी दाखवून आल्या होत्या. दोघांनीही 'रिव्हर्स गिअरचा आवाज तसाच असतो' म्हणून परत पाठवलं होतं. रिव्हर्स गिअर कुईं करत गातो, टकटक करत नाही. पण बाईमाणूस आवाजाची तक्रार घेऊन आलं की आमच्या धंद्यातल्या बऱ्याच जणांचे कान बंद होतात, हे मी स्वतः पाहिलंय.

"मागे घेतानाच?" मी विचारलं. विचारतानाच पोटात गोळा आला.

गाडी वर घेतली. उजव्या हब नटावर पिवळा ठिपका.

मी काही बोलायच्या आत बाईंनी कागदांची फाइल काढली. सरकारी नोकरीतलं माणूस, आरसी, इन्शुरन्स, पीयूसी सगळं प्लास्टिकच्या पिशवीत एकाखाली एक. त्यातून एक पाठकोरा कागद काढला. "पण जॉइंट तर मागच्या मालकाने गेल्याच वर्षी बदललेत. ही बघा पावती, याच्यावर विश्वास ठेवूनच घेतली मी."

अक्षर माझं. लिहिलं होतं: 'दोन्ही जॉइंट, बूट, ग्रीस, सर्कलिप. १,५००.'

मला लिहायचं होतं 'दोन्ही जॉइंट बूट'. म्हणजे दोन जॉइंटचे बूट. मध्ये तो स्वल्पविराम कसा आला, मला आठवत नाही. कदाचित पेन अडखळलं असेल. कदाचित दोन्ही जॉइंट मी काढून घातले होते, त्या कामाची घमेंड हातात उतरली असेल. पण कागद वाचणाऱ्याला एकच अर्थ लागतो: दोन्ही जॉइंट नवे. १,५०० रुपयांत दोन जॉइंट येत नाहीत हे मला माहीत. त्यांना कसं माहीत असणार?

म्हटलं, "ताई, हे काम माझंच आहे." आणि सगळं सांगितलं. वाइसजवळ नेऊन एक जुना मोडका जॉइंट दाखवला, खाचेची दोन अंगं दाखवली. त्यांनी नख फिरवून बघितलं. इंजेक्शन देणाऱ्या हाताला बारीक खाच पटकन कळते.

"मग तेव्हाच नवा का नाही टाकला?"

"त्याच्याकडे पैसे नव्हते. आणि मालही नव्हता बाजारात."

"ते बरोबर आहे. माझ्याकडेही येतात तसे पेशंट." थोडा वेळ थांबून म्हणाल्या, "पण आम्ही काय दिलं ते कार्डावर लिहितो. पुढच्या माणसाला कळायला."

यावर मी काय बोलणार?

रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी विचारलं ते भलतंच: "चढावर तुटला असता तर?" खरं सांगितलं. असा जॉइंट बराच काळ ओरडतो, एकदम क्वचित तुटतो. तुटला तर ब्रेक जात नाहीत, हँडब्रेकही धरतो. पण ओढ जाते, इंजिन नुसतं घोंघावतं, गाडी घाटीवरून खाली सरायला लागते, आणि नवखा माणूस अशा वेळी ब्रेकऐवजी ॲक्सिलरेटरच दाबतो. गिअरमध्ये टाकून उभी केलेली गाडीही मग उभी राहत नाही. त्या ऐकत होत्या. त्यांच्या अंगणात मुलं खेळतात, हे त्यांनी नंतर सांगितलं.

जॉइंट दुसऱ्या दिवशी चिपळूणहून एसटीने आला. १,८५० रुपये. जुना उघडला तर आत ग्रीस अजून काळं, स्वच्छ, बूटाला चिरही नाही. काम चोख होतं. मला त्याचं काय करावं कळेना. जाळीच्या खिडक्या मात्र रुंदावल्या होत्या, गोळी आत डुलत होती.

मी मजुरी घेणार नव्हतो. त्यांनी घ्यायला लावली. "मजुरी घ्या. बिल नीट लिहा." मग मी छापील बिलबुक शोधलं, ते वर्षभर उघडलेलं नव्हतं, आणि परीक्षेला बसल्यासारखं लिहिलं: 'उजवा बाहेरचा जॉइंट नवीन, १ नग. डावा बाहेरचा जॉइंट जुना, पूर्वी उजवीकडे होता, तपासला, चालू आहे. आतले बूट मूळचे.' त्यांनी दोनदा वाचलं, सही घेतली, जुनी चिठ्ठी मागे टाचली आणि उतरवलेला जॉइंट मागितला. पेपरात गुंडाळून दिला. मला वाटलं, आता त्या पोराच्या दारात नेऊन आपटणार. बिनाकामाचं दोन-अडीच किलो लोखंड कोण नेतं?

तसं काही झालं नसावं. कारण परवा पोरगाच भेटला, स्टेशनबाहेर वडापाव खात. आता मोठी गाडी घेतलीय, पिवळ्या पाटीची. मी मनात शब्द जुळवत होतो. मागच्या महिन्यापासून जुळवतोय, चिठ्ठी दाखवून गाडी विकलीस, लाज नाही वाटली, वगैरे.

त्याआधी तोच म्हणाला, "दादा, ती गाडी दिली मी त्या नर्सबाईंना. दोन्ही जॉइंट नवे टाकलेले, तुमची चिठ्ठीपण दिली हातात, तरी बाईंनी बारा हजार पाडले."

आणि माझ्यासाठी एक वडापाव सांगितला.