पोळ्याची रात्र, तीन साक्षीदार आणि माझं पहिलं खुनाचं अपील

संभाजीनगरच्या खंडपीठात विधी सेवा उपसमितीकडून मला मिळालेलं पहिलं खुनाचं अपील बीड जिल्ह्यातलं होतं. गाव सांगत नाही. बांधाचा जुना वाद, पोळ्याची रात्र, डोक्यात कुऱ्हाड. दोघा सख्ख्या भावांना भारतीय दंड संहितेच्या कलम ३०२ सह ३४ खाली, म्हणजे समान इराद्यानं केलेल्या खुनासाठी, जन्मठेप झालेली. आईनं जमिनीचा तुकडा मोडून थोरल्यासाठी वकील दिला, धाकट्यासाठी पैसे उरले नाहीत. म्हणून तो हर्सूल जेलमधून अर्ज करून माझ्याकडे आला.

पेपरबुक, म्हणजे खटल्याच्या कागदपत्रांचा संच, हातात आलं की आधी निकालपत्र वाचायचा मोह होतो. तो टाळलेला बरा. निकालपत्रात सगळे साक्षीदार एका सुरात बोलतात, साक्षीत तसं कुणीच बोलत नाही. मी एका मोठ्या कागदावर तीन रकाने आखले: फिर्याद, पोलिसांपुढचा जबाब, कोर्टातली साक्ष. प्रत्येक साक्षीदाराचं म्हणणं शेजारीशेजारी लिहीत गेले.

मयताच्या बायकोनं त्याच रात्री दिलेल्या फिर्यादीत म्हटलं होतं की थोरल्यानं कुऱ्हाड मारली, धाकटा सोबत होता. कोर्टात मात्र धाकट्याच्या हातात काठी आली आणि त्या काठीचे फटके पाठीवर, बरगड्यांवर बसले. उलटतपासणीत तिचं उत्तर तेच, जे मराठी साक्षीत शेकडो वेळा वाचायला मिळतं: "मी सांगितलं होतं. फिर्यादीत का लिहिलं नाही याचं कारण सांगता येणार नाही." शवविच्छेदनात डोक्यावर एकच खोल जखम, कवटी फुटलेली. पाठीवर, बरगड्यांवर वळ नाही की खरचटलेलं नाही.

मयताच्या चुलतभावाच्या साक्षीतही काठी होती आणि जबाबात नव्हती. पण असं ओमिशन, म्हणजे जबाबात नसलेली गोष्ट साक्षीत येणं, नुसतं दिसून भागत नाही. साक्षीदाराला विचारावं लागतं, आणि तो "सांगितलं होतं" म्हणाला की जबाब घेणाऱ्या तपासी अंमलदाराकडून "असं सांगितलं नव्हतं" हे वदवून घ्यावं लागतं. इथं अंमलदाराला तो प्रश्न विचारायचाच राहून गेला होता. म्हणजे ते हत्यार माझ्या कामाचं नव्हतं.

तिसरा साक्षीदार शेजारचा ऊसतोड कामगार. तो नात्यातला नाही, म्हणून सरकार पक्षाचा सगळा भर त्याच्यावर. त्याचा जबाब नोंदवला होता गुढीपाडव्याच्या सुमारास. कारण काय, तर तो टोळीबरोबर कारखान्यावर गेला होता. ऐकायला पटतं. आमच्याकडे अर्धी गावं दिवाळीच्या आगेमागे रिकामी होतात. पण टोळ्या हलतात दसऱ्यानंतर, आणि पोळा ते दसरा चाळीस दिवस. एवढे दिवस हा माणूस गावातच, घटनास्थळाच्या शेजारी, आणि पोलिसांना काही सांगत नाही, पोलीसही विचारत नाहीत? या चाळीस दिवसांचा खुलासा अख्ख्या रेकॉर्डमध्ये कुठंच नव्हता.

खरा पेच वेगळाच होता. थोरल्याच्या वकिलांचा मुद्दा होता अमावास्येचा. पोळा म्हणजे श्रावणी अमावास्या, घटनास्थळ पंचनाम्यात दिव्याचा खांब नाही, मंडळ अधिकाऱ्याच्या नकाशातही नाही. तेव्हा कुणी काही पाहिलंच नाही, असं ते म्हणणार होते. मीही त्यांच्या सुरात सूर मिसळावा, ही त्यांची अपेक्षा. मला तो मुद्दा लंगडा वाटत होता. जन्मापासूनचा शेजारी चार-पाच हातांवरून अंधारातही आवाजावरून, चालीवरून ओळखू येतो, आणि कोर्टंही ते मानतात. शिवाय 'पाहिलंच नाही' म्हटलं की माझं 'पाहिलं ते फिर्यादीत सांगितलं, काठी नंतर आली' हे म्हणणंच कोसळतं. मी दुसरी वाट धरली: बाई खरी आहे, फिर्यादीपुरती.

हे आईला सांगणं सर्वांत जड गेलं. त्या खंडपीठाच्या आवारात पिशवीतली भाकरी न सोडता बसून होत्या. सगळं ऐकून म्हणाल्या, "वकीलबाई, दोघं बी माझेच हायेत." मी म्हटलं, "मावशी, माझ्याकडं एकाचंच वकीलपत्र आहे." ते त्यांना पटलं असं मला वाटत नाही.

सुनावणीत गंमत अशी झाली की सरकारी वकिलांनी आणि मी एकाच निकालाचा एकच परिच्छेद वाचला. दलीप सिंग विरुद्ध पंजाब राज्य, १९५३. त्यात म्हटलंय की जवळचा नातेवाईक खऱ्या गुन्हेगाराला सोडून निरपराध माणसाला सहसा गुंतवणार नाही. सरकारी वकील इथं थांबले. मी पुढचं वाक्य वाचलं: वैर असेल, डोकी तापलेली असतील, तर गुन्हेगाराबरोबर एखाद्या निरपराधालाही ओढायची प्रवृत्ती असते.

"चुलतभावाचं ओमिशन सिद्ध कुठं झालंय?" हा प्रश्न आलाच. नाही झालेलं, मी म्हटलं, पण काठीचे फटके डॉक्टरांनाही सापडलेले नाहीत. मग कलम ३४. नुसतं हजर असणं म्हणजे समान इरादा नव्हे, आणि धाकट्याचं घर तिथून हाकेच्या अंतरावर, तो आरडाओरडा ऐकून येणारच. न्यायमूर्तींनी विचारलं, मग त्यानं अडवलं का नाही? यावर माझ्याकडे चांगलं उत्तर नव्हतं. एकच घाव होता, अडवायला वेळ कुठं होता, एवढंच बोलले.

निकालात सर्वोच्च न्यायालयाच्या वडिवेलू थेवर (१९५७) या निकालातली साक्षीदारांची जुनी विभागणी आली: पूर्ण विश्वासार्ह, पूर्ण अविश्वासार्ह आणि मधला साक्षीदार. बाईला मधल्या गटात टाकलं, म्हणजे तिच्या शब्दाला दुसरीकडून आधार हवा. थोरल्यापुरता तो शवविच्छेदनानं दिला, शिक्षा कायम झाली. धाकट्यापुरता कुठूनच मिळाला नाही, तो संशयाचा फायदा मिळून सुटला. चुलतभावाचीही काठी शवविच्छेदनापुढं टिकली नाही. ऊसतोड कामगार चाळीस दिवसांवर बाद. अमावास्येचा मुद्दा चार ओळींत निकाली.

मयताच्या बायकोचं मन दुखावलं असेल, ते साहजिक आहे. तिच्या डोळ्यांदेखत नवरा गेला आणि कागदावर तिला अर्धवट विश्वासार्ह म्हटलं गेलं. पण तिनं त्या रात्री जे सांगितलं, त्यावरच थोरल्याची शिक्षा टिकली आहे.

आई आता थोरल्यासाठी दिल्लीला जायचं म्हणतात. निकालाच्या प्रमाणित प्रतीसाठी अर्ज मीच भरून दिला. सर्वोच्च न्यायालयातही विधी सेवा समिती आहे, तिथं वकील मिळतो, हे लिहून दिलेला कागद धाकट्याच्या खिशात आहे.